सोवळ्यातली काचेची पेटी

मंडळी, एक विचारतो. घाण म्हणजे काय हो? अहो, रोज काढता की केरसुणीनं! देव स्वच्छ जागी राहतो म्हणता. मग ही घाण कुणी निर्माण केली? शेजाऱ्यानं?

ऐका तर. संगमेश्वराकडे सत्यभामाकाकू नावाची बाई. सोवळं असं कडक, की पाणीसुद्धा धुऊन प्यायची! तिला सून आली ऋजुता. माहेरून काय आणलं? दागिने? छे! काचेची पेटी. आत कुजकी पानं, ओलं लाकूड आणि राखाडी किडे! कुंडी उचलली की खाली दिसतात ना, हात लावला की गोळी होऊन बसतात — तेच! तबलजी, हसू नका. आईच्या बागेतले किडे होते ते, आणि आई आता नव्हती. पोरीचं माहेर म्हणजे तेवढीच पेटी.

ऋजुता कामाला परगावी निघाली. सासूला म्हणाली, "आई, पेटीच्या एका कोपऱ्यात पाणी शिंपडा. बाकी हात लावू नका."

काकूंनी हात लावला! सगळी घाण उकिरड्यावर, पेटी घासूनपुसून लख्ख, आत धुतलेली पांढरी वाळू, वर तुळशीची पानं — आणि पेटी उन्हात! सुनेवर उपकार!

संध्याकाळी बघतात तर किडे निपचित. काकूंनी रडतच फोन लावला. "अगं, तुझी लेकरं हलत नाहीत गं!"

"काय केलंत, आई?"

"स्वच्छ केलं!"

ऋजुता म्हणाली, "आई, ते घर होतं त्यांचं. आणि जेवणही. कोरड्यात त्यांना श्वास घेता येत नाही. परसात फणसाखालची कुजकी पानं आणा. एक बाजू ओली ठेवा, शेवाळं घाला, दुसरी कोरडी. आणि त्यांच्या कवचासाठी अंड्याची टरफलं कुस्करून टाका."

अंडं! त्या घरात! पण काकू शेजारी गेल्या, दोन बोटांत टरफल धरून आल्या. आणि फणसाखाली बसून, मंडळी, सोवळ्यातले दोन्ही हात कोपरापर्यंत कुजक्या पाल्यात घातले!

घर पुन्हा मांडलं. काही जीव गेले ते गेलेच. पण एक गोळी हळूच उलगडली. काकूंनी चष्मा लावला. त्या माउलीच्या पोटाखाली पाण्याची इवलीशी पिशवी, आणि तिच्यातून साबुदाण्याहून बारीक पांढरी पिल्लं बाहेर येत होती! एक, आणखी एक, आणखी एक!

अहो, हिचे पूर्वज समुद्रातले! समुद्र सुटला, पण लेकरांसाठी थेंबभर पाणी पोटाशी बांधून ती जमिनीवर आली! आणि खाते काय? आपण टाकलेलं. देते काय? माती! काय ही करणी, मंडळी! काय ही करणी! काकूंनी तिथंच हात जोडले. बोटांचा चिखलही पुसला नाही.

दोन दिवसांनी ऋजुता परतली तेव्हा दुपार कलली होती. "आई, नैवेद्य राहिलाय?"

"थांब गं," काकू पेटीत फणसाचं कुजकं पान ठेवत म्हणाल्या. "आधी माहेरच्यांची पंगत."

ऋजुतानं सासूला मिठी मारली, मंडळी, तिच्या चिखलाच्या हातांसकट.

आता तुमचं सांगा! देवासाठी म्हणून आपण जागा झाडतो, आणि झाडता झाडता किती जणांना घराबाहेर काढतो? अंगणातलं काढता, ठीक आहे — पण मनातून? हा ओवळा, ती नकोशी, तो आपल्यातला नव्हे! केरसुणी तुमच्याच हातात आहे. खाली ठेवा, आणि मोठ्यानं नाव घ्या त्याचं, ज्यानं कुजक्या पानाखालीसुद्धा पाळणा बांधला!