जावेचा कॉसमॉस

दाताच्या दवाखान्यात माझ्या शेजारी दोघी बहिणी बसल्या होत्या. थोरलीचा गाल सुजला होता, तरी बोलत तीच होती.

“माझ्या जावेच्या कॉसमॉसला म्हणे फुलंच फुलं. खत सोड, ती बाई झाडांना पाणीसुद्धा घालायला विसरते.”

“आणि तुझ्या?”

“माझी झाडं माझ्या उंचीची झालीत. शेणखत काय, पेंड काय, दर आठवड्याला युरिया काय. कशाला म्हणून कमी केलं नाही मी.”

“फुलं किती आली?”

“पानं बघ की कशी हिरवीगार आहेत.”

“ताई, कॉसमॉसला खत जास्त झालं की नुसता पाला माजतो.”

“तू नको शिकवूस. तुझ्या कुंडीत साधा पुदिना जगत नाही.”

“बरं बाई. तुझ्या सासूबाई कशा आहेत?”

“त्या तिच्याकडे गेल्यात. फुलं बघायला.”

“कधी?”

“पहिल्या कळ्या आल्या तेव्हा.”

“अजून तिथंच?”

“इथं मी त्यांना तासातासाला काहीतरी भरवत होते. उठू दिलं नाही, वाकू दिलं नाही, घटकाभर एकटं सोडलं नाही. येतील झक मारत. तिथं त्यांना पाणीसुद्धा कोणी विचारत नसेल.”