फोडी नसलेलं मटण

राजेश्वरी : ...म्हणून हे एक बाजूला ठेवलं. देठ हिरवा, काटे टोचतायत, वरून काही खोट दिसत नाही. पण चिरल्यावर बघ. देठाकडचं बी पांढरं आणि बुडाकडचं तपकिरी. एकाच वांग्यात दोन वयं.

(कळंब. रविवारची दुपार. घरामागच्या पडवीत मटणापुरती मांडलेली चूल. शकुबाई चुलीपुढं, बारामतीहून आलेली तिची लेक राजेश्वरी विळीवर. शकुबाईचा नवरा आप्पासाहेब पुढच्या अंगणात, खुर्ची टाकून.)

शकुबाई : बी तपासाया वांगं आणलंस का खायाला? चिर आन टाक पाण्यात. त्या लॅबमधी माती बघून बघून तुझं डोळंच तसलं झाल्यात.

राजेश्वरी : कडू लागेल.

शकुबाई : लागू दे. खिम्यात वांगं, वांग्यात भात. आधीच ही असली कालवाकालव, त्यात कडू कंचं आन गोड कंचं कुणाला कळतंय? त्या बोकडानं काय घोडं मारलं हुतं तुझं, म्हणून त्याचं असं हाल?

राजेश्वरी : खिमा हलवत राहा. त्याचं पाणी आटू दे पूर्ण.

शकुबाई : हलवती की. हलवायचं न्हाय तर काय, ह्यात फोडी हायत का मोडाया? निस्ता भुगा. मटण म्हंजी कसं, वर तर्री आली पायजे, वास वेशीपतुर गेला पायजे. हे म्हंजी कोंबड्यांस्नी भरडा भिजवल्यागत दिसतंय.

राजेश्वरी : आणि तर्रीचं मटण केलं की तू काय खातेस?

शकुबाई : रस्सा.

राजेश्वरी : आणखी?

शकुबाई : भाकरी कुस्करती त्यात. पोट भरतं.

राजेश्वरी : आणि फोडी?

शकुबाई : मीठ किती टाकू? का ते बी काट्यावर जोखून आणलंयस?

राजेश्वरी : तुझ्या अंदाजानं टाक. आई, तुझ्या खालच्या दोन्ही बाजू मोकळ्या आहेत. वरची एक दाढ राहिलीय, तिला खाली जोडीदार नाही. तिचा चावायला काही उपयोग नाही.

शकुबाई : हळू बोल. म्होरं ऐकू जातंय.

राजेश्वरी : जाऊ दे. दिवाळीपासून सांगतेय, कवळी बसवून घे. तेव्हा म्हणालीस, ऊस तुटू दे. ऊस तुटला. मग म्हणालीस, जत्रा होऊ दे. जत्रा झाली. आता काय व्हायचं राहिलंय?

शकुबाई : शेजारच्या म्हाळसानं बसवलीच की. पळसदेवच्या लग्नात नाव घ्याया उभी ऱ्हायली, आन ‘राव’ म्हणताना समदी कवळी नवरीच्या ओटीत. तांदळात पडली म्हणून वाचली. बाया अजून नाव काढत्यात. आमच्या गावात त्या पोरीची ओटी दातानं भरली म्हणत्यात.

राजेश्वरी : तिचं माप चुकलं होतं. एकदाच गेली आणि घाईनं घेऊन आली. नीट करायची तर चार वेळा जावं लागतं. आधी माप, मग मेणाची लावून बघायची, मग खरी, मग टोचते तिथं घासायची. दर खेपेला इथनं एसटीनं ये म्हटलं तर तू यायची नाहीस. म्हणून म्हणते, पंधरा दिवस माझ्याकडं राहा. ज्ञानेशनी खोलीसुद्धा आवरून ठेवलीय.

शकुबाई : जावयाच्या घरात पंधरा दिस? बरं दिसतं का ते? आन हितं ह्यांच्या भाकरीचं?

राजेश्वरी : हां. हे खरं कारण. ऊस आणि जत्रा उगीच मधे आणलीस.

आप्पासाहेब : (पडवीत येत) काय गं, काय शिजतंय मागं? वास मटणाचा येतोय आन पातेल्यात मटण दिसंना.

शकुबाई : आलं बघ. खिमा आणलाय राजीनं.

आप्पासाहेब : खिमा? माझ्या दारात? लोक अजून चेअरमन म्हणून रामराम घालत्यात मला. सोसायटीचा चेअरमन खिमा खातो म्हणल्यावर काय ऱ्हायलं? फोड असली की हातात घेऊन बघता येती. मांडीची का मानेची कळती. नळी फोडता येती. ह्यात काय बघू, भिंग लावू?

राजेश्वरी : मांडीचा आहे, आप्पा. समोर उभं राहून करून घेतला.

आप्पासाहेब : तू उभी ऱ्हायलीस म्हंजी झालंच. एवढी शिकली, आन काय करती, तर माती तपासती. मातीचं काय तपासायचं असतं गं? ती काय गरवार बाई हाय?

राजेश्वरी : तुमच्याच रानाचा नमुना होता. क्षार चढलेत, पाणी कमी द्या, असं लिहून दिलं होतं.

आप्पासाहेब : मग? दिलं का आमी कमी?

राजेश्वरी : नाही. आता ऊस पिवळा पडलाय.

आप्पासाहेब : उन्हानं पडलाय. कागदाला घाबरून पिवळा पडतोय व्हय ऊस?

शकुबाई : भांडा तुमी. चूल मला सोडून कुठं जातीय. वाटण टाकलं, काळं तिखट टाकलं, आता म्होरं काय करायचं ते सांगाल का कुणी?

राजेश्वरी : आता वांगी. तेलात नुसती लोळव, गाळ करू नको. मग तांदूळ, मग आधणाचं पाणी. झाकण ठेवलं की जाळ काढून घ्यायचा. निखाऱ्यावरच होऊ द्यायचं.

आप्पासाहेब : बघ, हिला चूल शिकवाया आली. तुझ्या जन्माच्या आधीपासनं तुझी आय मटण करती.

राजेश्वरी : करते. खात नाही.

आप्पासाहेब : न्हाय आवडत तिला. लगीन झाल्यापासनं बघतोय, फोडीला हात लावत न्हाय. रस्सा वरपती आन गप पडती. काय गं, शकू?

शकुबाई : तांदूळ टाकू का?

राजेश्वरी : टाक. तिला दाढा नाहीत, आप्पा.

आप्पासाहेब : न्हाईत? कवा गेल्या? मला काय म्हाईत. मला कुणी सांगितलं का?

राजेश्वरी : तिच्या जेवताना कधी समोर बसला असता तर दिसलं असतं.

आप्पासाहेब : बाप्यानं बाईचं जेवण बघत बसायचं? नवीनच शिकवतीस. बरं, न्हाईत तर न्हाईत. मग?

राजेश्वरी : मग कवळी बसवायची. पंधरा दिवस बारामतीला राहावं लागेल.

आप्पासाहेब : आता? कुणाला हसून दाखवायचंय तिला? आन लेकीच्या घरी तुकडं मोडाया जायचं चेअरमनच्या बायकोनं? दातांबिगर काय अडलंय तिचं? कुस्करून खाती, वरपती. काय गं, तुझं काय अडलंय का?

शकुबाई : पाणी उकळलंय. सरा, अंगावर उडंल.

राजेश्वरी : तिला उत्तर द्यायला लागेल असं विचारा ना, आप्पा. ‘अडलंय का’ म्हटल्यावर ती नाहीच म्हणणार.

आप्पासाहेब : तू नगं शिकवूस मला, कसं विचारायचं ते. मी सोसायटीच्या सभंत शंभर माणसं गप केल्यात.

शकुबाई : ते ठाव हाय आमास्नी. हात धुवा. भात मुरला का बघती.

राजेश्वरी : झालाय. दाणा मोकळा आहे. ताट घ्या, आप्पा.

आप्पासाहेब : वाढ. हं. आन फोडी?

राजेश्वरी : त्यातच आहेत.

आप्पासाहेब : कुठंयत? ही का? हे तर वांगं! अरं देवा. मटण पुरवाया वांगं घालायचं! पावणं जास्त आन मटण कमी असलं की करत्यात असलं. ह्यातनं माणसानं वेचून काय खायाचं?

राजेश्वरी : वेचता येत नाही, हाच गुण आहे ह्याचा. वरचा घास आणि तळाचा घास सारखा. आधी बसणाऱ्याला एक आणि मागनं बसणाऱ्याला दुसरं, असं होत नाही.

आप्पासाहेब : बापाला टोमणा मारतीस?

राजेश्वरी : मिश्रणाबद्दल बोलतेय.

आप्पासाहेब : मिश्रण म्हणं. ह्याला चव न्हाय, रस्सा न्हाय, काय न्हाय. वाढ अजून.

राजेश्वरी : आई, तू पण बस.

शकुबाई : मी मागनं.

राजेश्वरी : मागनं नाही. आत्ता. हे तुझं ताट.

शकुबाई : एवढं? आगं, एवढं कुणी खायाचं... बास, बास.

राजेश्वरी : कसं झालंय?

शकुबाई : थांब.

राजेश्वरी : कडू लागतंय का?

शकुबाई : आगं, खाऊ दे की मला.

आप्पासाहेब : हिचं बघा. मघा कोंबड्यांचा भरडा म्हणत हुती, समदं ऐकलंय मी. आता मान वर करंना.

शकुबाई : राजे, रश्शात निस्ता वास असतो गं. मटणाची चव आतली येगळीच हाय. इसरली हुती मी.

राजेश्वरी : अजून घे.

आप्पासाहेब : बास कर तिला, सोसायचं न्हाय. संध्याकाळला ठिव थोडं. हे, खाली काय लागलंय? खरवड हाय का? ती हिकडं वाढ. तुला कुठं चावणार खरवड? खालच्या दाढा तर नातवाच्या बारशाआधीच गेल्यात तुझ्या. बारशात सुपारी खाया दिली, तर पदराआड थुकलीस.

राजेश्वरी : आप्पा, मघाशी म्हणालात, माहीत नाही.

आप्पासाहेब : काय म्हाईत न्हाय?

राजेश्वरी : दाढा गेल्याचं. ‘मला कुणी सांगितलं का’ म्हणालात.

आप्पासाहेब : आता एका घरात ऱ्हातो, दिसत न्हाय व्हय? म्हंजी काय त्याचा डांगोरा पिटायचा? सगळ्यांच्याच जात्यात. हे काय आजारपण हाय का? खरवड वाढ.

शकुबाई : तुमी बघत हुता.

आप्पासाहेब : काय?

शकुबाई : बारशात. पदराआड थुकली ते. मला वाटलं, कुणीच बघितलं न्हाय.

आप्पासाहेब : बघितलं तर काय झालं? बोललो का मी काय तुला?

शकुबाई : न्हाय. काय बोलला न्हाईत. त्या राती बी न्हाय, आन मागनं बी न्हाय. नळी फोडताना माझ्याकडं बघून म्हणत हुता, हिला आवड न्हाय. पावण्यांम्होरं म्हणत हुता.

आप्पासाहेब : आता हे काय उकरून काढतीस? जेवताना?

शकुबाई : उकरत न्हाय. राजे, तू कवा निघणार हायस?

राजेश्वरी : चारला. ऊन उतरलं की.

आप्पासाहेब : तिचं तिला निघू दे. तू खरवड वाढ आधी.

शकुबाई : घ्या. समदी घ्या. मी आज राजीबरूबर चाललीय. दात बसलं की माघारी यीन.