नथू कर्णिक याच्या जन्मनोंदीच्या नकलेबाबत

मुरबाड पोलीस ठाणे, ता. १६ फेब्रुवारी १९४३

माझे नाव ताराबाई राघो कर्णिक, वय ४३, शिक्षण मॅट्रिक, धंदा घरकाम, राहणार शहापूर, बाजारामागे. सासर टोकावड्याजवळ, तालुका मुरबाड. फौजदारसाहेबांनी समोर बसवून विचारले, म्हणून देवाला स्मरून सांगते की,

माझे यजमान शाळामास्तर होते. ते पाच वर्षांपूर्वी वारले. मी व मुलगा नथू असे दोघेच शहापुरास राहतो. नथूला रेल्वेत तारेच्या कामावर उमेदवार म्हणून घेणार आहेत. जन्माची सरकारी नक्कल या महिनाअखेर दिली नाही तर जागा दुसऱ्याला जाईल. म्हणून मी ता. २ रोजी मुरबाडच्या कचेरीत नकलेसाठी अर्ज केला.

कारकुनांनी १९२५ सालचे बुक काढले. आमच्या गावी ता. ९ सप्टेंबर रोजी राघो कर्णिक यांस मुलगा झाल्याची नोंद होती. पाच ओळी खाली, ता. १४ रोजी तोच मुलगा मयत, अशी नोंद होती. कारकून म्हणाले, "बाई, मेलेल्याला रेल्वेत घेत नाहीत." दुसरी नोंद खोटी आहे, असे मी त्यांना तेथेच सांगितले. ती का केली ते पुढे सांगते.

नथूच्या आधी माझी तीन मुले लागोपाठ सटवाईच्या दिवसांत गेली. चौथ्या खेपेस माझ्या सासूबाई गीताबाई आणि सुईण बाईजा यांनी एक तोड काढली. बाळ गेले असे गावात सांगायचे, पाटलाच्या बुकात तसे लिहवायचे आणि ओढ्याकाठी बाळ म्हणून धोंडा पुरायचा. म्हणजे न्यायला आलेली सटवाई आपल्या आधीच कोणी नेले असे समजून परत जाते. मला हे पटले नव्हते. देवाशी खोटे वागू नये असे मी म्हटले. पण तिसऱ्या दिवशी मला ताप भरला आणि पुढचे दहा दिवस शुद्ध नव्हती. मी रोजची नोंद वहीत करते. त्या दिवसांची पाने कोरी आहेत.

शुद्धीवर आले तेव्हा सासूबाईंनी बाळ मांडीवर दिले. बाळ अंगाने भरलेले वाटले. त्या म्हणाल्या की वाडीवरची राही हल्लीच बाळंत झाली आहे, तिचे पोर जगले नाही, तिचे दूध बाळाला पाजले. मी देवापुढे साखर ठेवली.

ही राही दर वर्षी भात कापून झाले की आमच्या परसात येऊन बसे. काही मागत नसे, दिलेले घेत नसे. नथू जेवून उठला की जाई. आम्ही शहापुरास बिऱ्हाड केल्यावर ती तेथेही चालत येऊ लागली. आमचा पत्ता मी तिला दिला नव्हता. आम्ही दोनदा घर बदलले, तरी ती त्या त्या घरी आली.

मयताची नोंद रद्द करायची तर पुरावा हवा, असे कचेरीत सांगितले. सासूबाई व जुने पाटील हयात नाहीत. तेव्हा धोंडा खणून दाखवते, पंचनामा करा, असे मीच म्हटले. मला दुसऱ्या कोणी तसे सुचविले नाही.

ता. १२ रोजी सकाळी नऊ वाजता हल्लीचे पाटील कमळू व दोन पंच यांच्यासमक्ष बाईजाने जागा दाखवली. गावचा माणूस त्या जागी कुदळ लावीना, म्हणून नथूने खणले. हातभर खाली धोंडा लागला. पाटील म्हणाले, "झालं बाई, निघाला तुमचा पोरगा." सगळे हसले, नथूही हसला. मी म्हटले की धोंडा पुरता उचला, नाहीतर कचेरीत पुन्हा शंका काढतील.

धोंड्याखाली लुगड्याची जरीची किनार होती. या चौथ्या बाळंतपणाआधी मी माझे लुगडे फाडून दुपटे केले होते, त्याची ती. किनारीच्या आत लहान हाडे होती. पुरलेले मूल कोल्ह्यांनी उकरू नये म्हणून वर धोंडा ठेवतात, हे मला माहीत आहे. आधीच्या तिघांवरही ठेवले होते.

पाटलांनी काम थांबवून ठाण्यास वर्दी दिली. मी बाईजाला विचारले. ती म्हणाली, "वैनी, तुमाला जिता पोर पायजे व्हता. जिता दिला ना?" राही लोकांच्या मागे उभी होती. तिला कोणी बोलावले नव्हते. पाटलांनी तिला पुढे घेऊन विचारले, तेव्हा ती नथूकडे न बघता म्हणाली, "माला पोर नाय. कदी नव्हता." मग ती डोंगराच्या वाटेने गेली.

नथूने ओढ्यावर हात धुतले. आता तो बाहेर बाकावर बसला आहे.

फौजदारसाहेबांनी विचारल्यावरून सांगते की माझी कोणाविरुद्ध तक्रार नाही. नथू माझा मुलगा आहे. त्याची मुंज यजमानांनी व मी मांडीवर घेऊन केली. नक्कल मिळावी ही विनंती कायम आहे. मुलाची हाडे होती तेथेच, किनारीसकट, ठेवण्याची परवानगी असावी.

जबाब मला सावकाश वाचून दाखवला. त्यात "अनोळखी मुलाची हाडे" असे लिहिले होते. त्यातला "अनोळखी" हा शब्द मी खोडायला सांगितला व शेजारी सही केली. बाकी सर्व माझ्या सांगण्याप्रमाणे आहे.

सही, ताराबाई राघो कर्णिक