जळलेल्या पाइनखालची रोपं

वनखात्याच्या कचेरीत माझ्या पुढच्या बाकावर बहीण-भाऊ बसले होते.

"ताई, बाबांनी लावलेले पाइन सगळे जळाले. आता बुंधे उपटायचा परवाना काढू आणि मोकळे होऊ."

"अरे, पण राखेत बोटबोटभर रोपं आलीत."

"आगीनंतर? कशी काय?"

"वनरक्षक म्हणाले, या जातीची फळं डिंकानं घट्ट बंद असतात, आगीच्या आचेनंच उघडतात आणि बी राखेत पडतं."

"म्हणजे आग लागली ते बरंच झालं म्हणायचं?"

"मला काय विचारतोस? बाबा तर आगीच्या धास्तीनं उन्हाळाभर तिथंच झोपायचे."

"मग बुंधे उपटायचे की नाही?"

"उपटताना रोपं तुडवली जातील ना रे."

"मग आपण इथं आलोय कशाला?"

तेवढ्यात कारकुनानं हाक मारली, "पुढचे कोण? कसला अर्ज?"

ताई उठली.

"साहेब, काहीच करायचं नसेल, तर त्याचा अर्ज असतो का?"