लांडगे छापले, घरटी गाळली

कार्यक्रमाचे अध्यक्ष आदरणीय दादारावकाका, व्यासपीठावरच्या स्नेहलताताई आणि जर्मनीतल्या या आखन शहरातल्या माझ्या मराठी बंधुभगिनींनो, सर्वांना सप्रेम जय भीम.

ताईंनी माझी ओळख करून देताना 'चेर्नोबिल : प्राण्यांचा स्वर्ग' ही बातमी वाचून दाखवली. कात्रण जपून ठेवलंत ताई, ऋणी आहे. पण ही बातमी ज्या अहवालावरून आली, त्यावर माझं नाव का नाही, असं इथे येताना तिघांनी विचारलं. निरोपाच्या दिवशी तरी खरं सांगावं, नाही का?

तीन उन्हाळे मी त्या ओसाड गावांत काम केलं. लांडगे आलेत, रानडुकरं आलीत, शाळेच्या मैदानात हरणं चरतात. यातलं काही खोटं नाही. माझं काम मात्र पाकोळ्यांचं. जिथे किरणोत्सर्ग जास्त, तिथल्या गोठ्यांत निम्म्या घरट्यांमध्ये एकही पिल्लू जगलं नव्हतं. मसुद्यात हे पान होतं. छापायला जाताना नव्हतं.

मी आमच्या प्रकल्पप्रमुख प्रोफेसरांना विचारलं. ते शांतपणे म्हणाले, "हे बघ, अपघातानंतर वीस वर्षांनी लोकांना एक चांगली बातमी मिळतेय. घरटी पुढच्या लेखात घेऊ."

"पुढचा लेख कधी?"

"बघू."

मी नाव काढून घेतलं. महिन्याभरात कळलं, माझा नोकरीचा करार वाढणार नाही. दादारावकाका मला म्हणाले होते, "अरे, थोडं जुळवून घ्यायचं होतंस." काका, मी प्रयत्न केला. नाही जमलं.

त्या ओसाड गावांकडे हान्ना नावाच्या आजी आपल्या गावात परत येऊन एकट्या राहतात. मी घरटी तपासायचो, त्या शिडी धरायच्या. एकदा मी त्यांना लांडग्याच्या पावलांचे ठसे कौतुकाने दाखवले. त्या म्हणाल्या, "आम्हाला उठवलं, म्हणून ते आले. त्यात कौतुक कसलं?" मग म्हणाल्या, "नीट लिहिशील ना?"

मी हो म्हणालो. तो 'हो' अजून खरा करता आलेला नाही. घरट्यांवरचा लेख मी एकट्याच्या नावाने दोन ठिकाणी पाठवला, दोन्हीकडून परत आला. आता तिसरीकडे पाठवलाय. पुढच्या आठवड्यात नागपूरला जातोय, तिथे कॉलेजात शिकवीन आणि उत्तराची वाट बघेन.

मंडळाने पाच वर्षं मला घरच्यासारखं सांभाळलं, त्याबद्दल मनापासून आभार. चिडून बोलताना कुणाचं मन दुखावलं असेल, तर मोठ्या मनाने पोटात घाला. घरट्यांबद्दल जे बोललो, त्याची मात्र माफी मागत नाही.