कॅनन ग्रोव्हच्या शाळेची पाटी

पायरीवर नको ग पोरी, खुर्चीत बस. सरबत घे. आता पाटीवर जे लिहिणार आहात ते परत वाच — "कॅनन ग्रोव्ह, काळ्या मुलांची शाळा. सत्तर साली गावातल्या गोऱ्यांच्या शाळेत शांततेने विलीन." शांततेने! वा ग वा! कुणी सांगितलं तुमच्या कमिटीला? आवाज झाला नाही म्हणून? आवाज करून कुणाची नोकरी टिकली असती इथं अलाबामात?

ती शाळा आमच्या लोकांनी बांधली. आठवडाभर दुसऱ्याचा कापूस वेचायचा, शनिवारी पुरुषांनी लाकडं कापायची, बायकांनी मासे तळून विकायचे. पुस्तकं मात्र सरकारी — म्हणजे गोऱ्या पोरांनी वापरून फाडलेली. आत त्यांची नावं, आणि शिव्या. हो, आम्हालाच — पुस्तक पुढे कुणाकडे जाणार ते ठाऊक होतं ना त्यांना! मग शाळा उघडायच्या आधी आमचे हे, ऑरिस — मुख्याध्यापक होते तिथले — मोठ्या मुलांना घेऊन बसायचे. पिठाची खळ, खाकी कागद, आणि पान न् पान बघून शिवी झाकायची. त्याशिवाय पुस्तक लहानांच्या हातात पडायचं नाही. अख्खं गाव ह्यांना 'प्रोफेसर' म्हणायचं. पाद्रीसुद्धा. चारचौघांत मीसुद्धा.

मग झालं तुमचं ते विलीन. मुलं तिकडे गेली, मुलांनी जिंकलेले कप कचऱ्याच्या गाडीत गेले. शिक्षण मंडळवाले ह्यांना म्हणाले, उपमुख्याध्यापक करतो. मी रोज शर्ट स्टार्च करून द्यायची, टाय, सगळं. आणि संध्याकाळी शर्ट घरी यायचा तो कॉलर कोरी करकरीत! इथल्या उन्हात, दिवसभर घातलेला? बायकोला कळतं ग. आधी वाटलं — जाऊ दे काय वाटलं ते. एक दिवस डबा द्यायचं निमित्त काढून गेले. तर हे खाकी कपड्यांत, संडासाची फरशी पुसतायत. आणि एक गोरी चिमुरडी, दहाचीही नसेल, ह्यांना सांगतेय, "ऑरिस, इथं राहिलं बघ."

मी तशीच मागे फिरले. ह्यांना कळलंच नाही मी आलेली. मीही बोलले नाही, तेही नाही. रिटायर होईपर्यंत सकाळी शर्ट द्यायची आणि संध्याकाळी विचारायची, काय म्हणते शाळा? ते म्हणायचे, छान चाललंय — हे तुला कशाला सांगत बसलेय मी? लिहू नकोस ते. लिहू नकोस म्हटलं ना!

फोटो? ह्यांचा, टाय घातलेला? का, पाटीवर नाव आहे ह्यांचं? नाही. वर नाव शिक्षण मंडळाच्या अध्यक्षाचं — त्यानंच तर हातात फडकं दिलं ह्यांच्या! ते नाव काढा. 'मुख्याध्यापक ऑरिस टॉलिव्हर' लिहा, ते शांततेने खोडा, मग ये फोटो मागायला.

काय? जागा नाही?

एवढ्या मोठ्या पाटीवर जागा नाही. बरं. ऊठ. पेला राहू दे तिथंच, मी उचलीन. फाटक लावून घे जाताना.