काकांचं ‘येतो’

निघताना आपण ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो ना? आमच्या वडिलांना तो शब्द लई महागात पडला.

वडील आणि करमाडचे मोठे काका, सख्खे भाऊ. विहिरीच्या पाण्यावरून भांडले आणि कैक वर्षं बोलले नाहीत. मागच्या हिवाळ्यात एका सकाळी काकांचाच फोन आला. तब्येत, तुरीचं पीक, असं इकडचं-तिकडचं बोलले आणि शेवटी म्हणाले, “बरं, येतो मग.”

वडील म्हणाले, “हां दादा, या.” फोन ठेवला. मग आम्ही सगळे ठरल्याप्रमाणे खुलताबादला साखरपुड्याला गेलो.

संध्याकाळी पडेगावला परतलो, तर शेजारच्या शमीमभाभी म्हणाल्या, “तुमचे बडे भाई आले होते. लई वेळ ओट्यावर बसले. मी चहा विचारला तर म्हणाले, ‘नको. सांगून आलो, तरी कुलूप लावून गेला.’”

वडिलांनी कपाळावर हात मारला. “अहो भाभी, मला वाटलं, दादा फोन ठेवतायत!”

दुसऱ्या दिवशी आम्ही करमाडला गेलो. काकांनी चहा पाजला, सगळं ऐकून घेतलं, हसलेसुद्धा.

“पटलं रे मला. तुझी काही चूक नाय.”

“मग चला ना दादा, आत्ताच. गाडी आणलीय.”

काकांनी हातातली कपबशी खाली ठेवली.

“काल लई बळ करून निघालो होतो रे,” ते म्हणाले. “आता पाय नाय उचलत.”